शाळेसमोरचा रस्ता आणि वेगाचा वर्ग

पूर्णा जंक्शनहून नांदेडकडे निघालेल्या गाडीला वाटेत चुडावा हे लहानसे स्टेशन लागते. खिडकीजवळची जागा मिळाली, तर या मार्गावर काय किंवा दुसऱ्या कोणत्याही लोहमार्गावर काय, रुळांच्या कडेला एक पिवळी पाटी अधूनमधून दिसते. तिच्यावर काळ्या अक्षरांत ‘सी/फा’ एवढेच लिहिलेले असते. सी म्हणजे सीटी आणि फा म्हणजे फाटक. पुढे फाटक आहे, शिटी वाजव, असा तो चालकाला दिलेला हुकूम आहे. ताशी १०० किलोमीटर वेगाने जाणाऱ्या गाडीला पूर्ण थांबावयास एक किलोमीटरच्या आसपास अंतर लागते. फाटकात उभी असलेली बैलगाडी चालकाला दिसेल तेव्हा त्याच्या हाती काही उरलेले नसते. म्हणून फाटक, म्हणून सिग्नल, म्हणून शिटी. जेथे माणूस नेमलेला नव्हता अशी ब्रॉडगेज मार्गांवरील फाटके जानेवारी २०१९ पर्यंत संपवण्यात आली. काही बंद केली, काहींवर माणूस नेमला, तर काही ठिकाणी रुळांखालून रस्ता काढला. ‘लोकांनी सांभाळून रूळ ओलांडावेत’ एवढे सांगून रेल्वे मोकळी झाली नाही.

आता रूळ सोडून रस्त्यावर या. तालुक्याचे गाव जिल्ह्याच्या गावाला जोडणाऱ्या रस्त्यावर चुडाव्यासारखी कितीतरी गावे आहेत. रस्त्याच्या एका अंगाला वस्ती आणि दुसऱ्या अंगाला शाळा, हे दृश्य मराठवाड्यात सर्वत्र दिसते. सकाळी शाळा भरताना आणि संध्याकाळी सुटताना दोनतीनशे मुले हा रस्ता ओलांडतात. त्याच वेळी त्यावरून एस. टी., मालमोटारी, जीप, मोटारसायकली आणि हंगामात उसाच्या ट्रॉल्या जात असतात. येथे फाटक नसते, शिटीही नसते. येथे आपण काय करतो? मुलांना उपदेश करतो. आधी उजवीकडे पाहा, मग डावीकडे पाहा, पुन्हा उजवीकडे पाहा, मगच ओलांडा. उपदेश चांगला आहे आणि तुम्ही तो जरूर पाळावा. परंतु सगळा भार त्याच्यावर टाकून मोठी माणसे स्वस्थ बसतात, हे मला मान्य नाही. मी पदार्थविज्ञान शिकवतो. शाळेसमोरच्या सुरक्षिततेची पहिली जबाबदारी मुलाची नसून वाहन चालवणाऱ्याची आहे, असे याच विषयाच्या आधारे म्हणता येते, आणि ते कसे हेच मला या लेखात मांडायचे आहे.

गतिज ऊर्जेचे सूत्र नववीच्या मुलांना ठाऊक असते: वस्तुमानाच्या निम्म्याला वेगाच्या वर्गाने गुणायचे. चौथीतल्या मुलाचे वजन २५ किलो धरा आणि तो सेकंदाला १.२ मीटर या वेगाने रस्ता ओलांडतो आहे असे समजा. त्याची गतिज ऊर्जा भरते १८ ज्यूल. समोरून १,००० किलो वजनाची छोटी मोटार ताशी ६० किलोमीटर वेगाने येत आहे. हा वेग सेकंदाला १६.७ मीटर होतो आणि तिची ऊर्जा सुमारे १,३९,००० ज्यूल. दोघेही रस्त्यावर आहेत आणि रस्ता दोघांचाही आहे. पण एकाने तेथे जेवढी ऊर्जा आणली आहे, तिच्या साडेसात हजार पटींहून अधिक दुसऱ्याने आणली आहे. इजा करते ती ही ऊर्जा. मग ती आवरण्याचे काम कोणाचे?

आता थांबण्याचे गणित पाहू. मूल एकाएकी रस्त्यावर आले तर ‘लगेच’ ब्रेक लावला असे चालक सांगतात. हा ‘लगेच’ किती असतो ते घरी मोजता येते. मित्राला ३० सेंटिमीटरची पट्टी वरच्या टोकाला धरून उभी लटकवायला सांगा. खालच्या टोकाशी, शून्याच्या खुणेवर, आपला अंगठा व तर्जनी थोडी अंतरावर ठेवा. मित्राने न सांगता पट्टी सोडावी आणि तुम्ही ती पकडावी. २० सेंटिमीटरच्या खुणेवर पकडली गेली, तर तुम्हांला ०.२ सेकंद लागला. (मुक्त पतनाच्या सूत्रातून हे उत्तर स्वतः काढा.) पण तुम्ही तयारीत होता, तुमची बोटे पट्टीशीच होती आणि करायचे काय ते ठरलेले होते. चालकाला आधी वस्तू दिसावी लागते. ते मूल आहे की वाऱ्याने उडालेली पिशवी, हे ओळखावे लागते. मग पाय एका पायट्यावरून उचलून दुसऱ्यावर दाबावा लागतो. सावध माणसालाही यासाठी एक सेकंद सहज लागतो. हातात मोबाइल असेल तर किती, ते तुम्हीच ठरवा. या एका सेकंदात वाहनाचा वेग तसूभरही कमी होत नाही.

ब्रेक लागल्यावर कोरड्या डांबरी रस्त्यावर सेकंदाला ६ मीटर प्रतिसेकंद एवढे ऋण त्वरण मिळते असे धरू. टायर चांगले आणि ब्रेक नीट असल्याशिवाय हे मिळत नाही, म्हणजे आपण चालकाला झुकते मापच देत आहोत. वेग ताशी ३० किलोमीटर असेल, तर विचारात ८.३ मीटर आणि ब्रेक लागल्यावर ५.८ मीटर, असे एकूण १४ मीटर जातात. ही लांबी लक्षात ठेवा, कारण पुढची सगळी मौज (मौज हा शब्द येथे शोभत नाही, पण गणितापुरता चालू द्या) तिच्यातच आहे.

शाळेच्या फाटकातून चेंडूमागे धावलेले मूल बरोबर १४ मीटरवर दिसले असे समजा. ताशी ३० ने येणारे वाहन त्याच्यापुढे जेमतेम थांबते. ताशी ४० ने येणाऱ्याचे काय होईल? वेग थोडा जास्त, म्हणून धक्का थोडासा, असे बहुतेकांना वाटते. हिशेब तसे सांगत नाही. विचारातच ११ मीटर गेले, ब्रेकसाठी उरले फक्त ३ मीटर, आणि त्यांत वेग उतरतो तो ताशी ३४ किलोमीटरपर्यंत. म्हणजे आरंभीच्या १० किलोमीटरच्या फरकाची किंमत मुलाच्या अंगावर ३४ होऊन पडते. ताशी ५० ने येणाऱ्याचा पाय ब्रेकवर पडतो त्याच क्षणी मूल बंपरपाशी असते, म्हणजे धडक पूर्ण ५० ची. ताशी ६० चे वाहन तर चालकाने ब्रेक लावण्यापूर्वीच तेथून पुढे गेलेले असते.

धडकेचा वेग म्हणजे काय, हे आकड्यावरून ध्यानात येत नाही. म्हणून त्याचे उंचीत रूपांतर करू. उंचावरून पडणारी वस्तू जमिनीवर आदळताना जो वेग घेते, त्यावरून उंची काढता येते. ताशी ३४ म्हणजे सुमारे साडेचार मीटरांवरून पडणे, ताशी ५० म्हणजे जवळजवळ १० मीटरांवरून आणि ताशी ६० म्हणजे १४ मीटरांवरून. शाळेच्या स्लॅबला कठडा नसेल, तर गुरुजी मुलांना वर जाऊ देत नाहीत. तो स्लॅब सुमारे साडेतीन मीटर उंच असतो. त्याच गुरुजींच्या शाळेसमोरून चौदा मीटरांच्या कड्याइतके धोकादायक वाहन रोज जाते आणि त्याला कोणी कठडा मागत नाही. वेग दुप्पट झाला की उंची चौपट होते, हे वर्गाचे काम आहे.

स्वीडनमधील संशोधक गोरान निल्सन यांनी प्रत्यक्ष अपघातांच्या नोंदींवरून दाखवून दिले की, जीवघेण्या अपघातांचे प्रमाण सरासरी वेगाच्या साधारण चौथ्या घाताप्रमाणे वाढते. जागतिक आरोग्य संघटनाही हेच सांगते: सरासरी वेग एक टक्क्याने वाढला की जीवघेण्या अपघाताचा धोका सुमारे चार टक्क्यांनी वाढतो. १.०१ चा चौथा घात काढून पाहा. आपल्या देशात २०२२ या एका वर्षात रस्त्यांवर १,६८,४९१ माणसे मरण पावली. सरकारी अहवालानुसार त्यांतील सत्तर टक्क्यांच्या आसपास मृत्यू अतिवेगाशी निगडित होते, आणि मृतांमध्ये अठरा वर्षांखालील मुलेमुली साडेनऊ हजारांच्या आसपास होती.

येथपर्यंत कोणी म्हणेल, हे सारे खरे, पण मुलाने नीट पाहिले असते तर तो प्रसंगच आला नसता. माझ्या मते या म्हणण्याचे उत्तर साऱ्या विषयात सर्वांत महत्त्वाचे आहे, आणि ते फार थोड्या लोकांना ठाऊक असते. मुलाने नीट पाहिले तरी त्याला दिसेलच असे नाही.

समोरून सरळ आपल्याकडे येणारी मोटार बाजूला सरकताना दिसत नाही. ती फक्त मोठी होत जाते. ती मोठी होते आहे हे डोळ्याला कळले, तरच ती येते आहे हे मेंदूला कळते. मोटारीची रुंदी १.७ मीटर धरा. मोटारीच्या दोन कडांपासून आपल्या डोळ्यापर्यंत दोन रेषा काढल्या, तर त्यांच्यात एक लहानसा कोन होतो. मोटार जवळ येते तसा हा कोन वाढतो. आता आपल्यापासून पाच सेकंदांच्या अंतरावर असलेल्या दोन मोटारी घ्या, एक ताशी ३० ची आणि दुसरी ताशी ६० ची. दोन्ही पाच सेकंदांत तुमच्यापाशी पोचणार आहेत. पहिली ४२ मीटरवर आहे, दुसरी ८३ मीटरवर. हिशेब केला तर पहिलीचा कोन सेकंदाला सुमारे अर्ध्या अंशाने वाढतो आहे आणि दुसरीचा सुमारे पाव अंशाने. वेगवान मोटार हळू वाढताना दिसते! जी अधिक घातक, तीच अधिक स्थिर भासते. पौर्णिमेचा चंद्र आपल्या डोळ्याशी अर्ध्या अंशाचा कोन करतो. त्याच्याशी तुलना केली, तर पहिली मोटार सेकंदाला एका चंद्राएवढी फुगते आणि दुसरी अर्ध्या चंद्राएवढी. मोटारसायकल तर अंगानेच अरुंद. ताशी ६० ने येणारी मोटारसायकल पाच सेकंदांवर असताना सेकंदाला चंद्राच्या पंचमांशाएवढीच वाढते. ‘मी पाहिले होते, पण गाडी लांब उभी दिसली’ असे मूल सांगते, तेव्हा ते खोटे बोलत असेलच असे नाही.

लंडन विद्यापीठाच्या रॉयल हॉलोवे महाविद्यालयातील संशोधकांनी २०११ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात प्राथमिक शाळेतील मुलांची ही कोन ओळखण्याची शक्ती मोजली. ती वयानुसार वाढत जाते, आणि लहान मुलांच्या बाबतीत इतकी कमी असते की ताशी २० मैलांहून, म्हणजे सुमारे ३२ किलोमीटरांहून अधिक वेगाने येणारे वाहन जवळ येत आहे हे त्यांना ओळखता येईलच असे नाही, असा निष्कर्ष निघाला. मुलाला कितीही बजावले तरी त्याचा डोळा मोठ्या माणसाचा होत नाही. आठ वर्षांच्या मुलाचे डोळे जमिनीपासून सव्वा मीटरच्याही खाली असतात, म्हणजे रस्त्याकडेला उभ्या टेंपोपलीकडचे त्याला दिसत नाही, आणि टेंपोपलीकडून येणाऱ्याला ते मूल दिसत नाही. सात मीटर रुंदीचा रस्ता ओलांडावयास त्याला सहा सेकंद लागतात, आणि तेवढ्यात ताशी ६० चे वाहन १०० मीटर पुढे येते. शंभर मीटरवरची वस्तू पाहून, तिचा वेग अजमावून, हिशेब करून पाऊल टाकायचे, ही अपेक्षा आपण चौथीच्या मुलाकडून करतो आणि वाहनचालकाकडून मात्र पाय थोडा सैल करण्याचीही करत नाही.

चालकांची मोठी तक्रार असते वेळेची. तीही मोजू. शाळेच्या दोन्ही बाजूंचा मिळून ३०० मीटरांचा पट्टा घ्या. ताशी ६० ने तो १८ सेकंदांत संपतो आणि ताशी ३० ने ३६ सेकंदांत. नुकसान अठरा सेकंदांचे. वाटेत दहा शाळा लागल्या, तर तीन मिनिटे. पानाच्या टपरीपाशी यापेक्षा अधिक वेळ जातो.

कायदा काय म्हणतो? केंद्र सरकारने एप्रिल २०१८ मध्ये ठरवलेल्या कमाल मर्यादांनुसार साध्या रस्त्यावर मोटारींना ताशी ७० आणि दुचाकींना ताशी ६० किलोमीटर वेगाची मुभा आहे. पण ही झाली अखेरची मर्यादा. मोटार वाहन कायदा, १९८८ याचे कलम ११२ राज्य सरकारला व सरकारने नेमलेल्या अधिकाऱ्याला सार्वजनिक सुरक्षिततेसाठी एखाद्या रस्त्यावर यापेक्षा कमी मर्यादा घालण्याचा अधिकार देते. कलम १८४ अन्वये लोकांना धोका होईल अशा रीतीने वाहन हाकणे हा स्वतंत्र गुन्हा आहे, आणि मर्यादेच्या आत असूनही तो घडू शकतो. शिवाय २००० सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांप्रमाणे शाळेभोवतालचा १०० मीटरांचा परिसर शांतता क्षेत्र म्हणून जाहीर करता येतो. काहींना वाटते, हॉर्न दाबला की आपले कर्तव्य झाले. मुलाला दचकवून रस्त्याच्या मधोमध खिळवून ठेवण्याचा तो एक खात्रीचा उपाय आहे. एकूण कायद्यात त्रुटी फारशी नाही. शाळेसमोर लाल कडेच्या त्रिकोणी पाटीखाली ‘३०’ हा आकडा लावण्याचे काम बाकी आहे, आणि तो कोणी पाळतो की नाही हे पाहण्याचे.

पाटी पाळली जात नाही म्हणून गावकरी दुसरा मार्ग धरतात. अपघात झाला की रास्ता रोको होतो आणि दुसऱ्या दिवशी मुरूम, डांबर किंवा सिमेंट टाकून गतिरोधक उभा राहतो. त्यामागची वेदना मला कळते. पण असला उंच, अरुंद वरवंटा रात्री न दिसल्याने मोटारसायकलस्वाराचाच बळी घेतो. गतिरोधकाचेही शास्त्र आहे. इंडियन रोड्स काँग्रेसने १९८८ च्या आपल्या मार्गदर्शिकेत तो ३.७ मीटर रुंद आणि मध्यभागी १० सेंटिमीटर उंच, १७ मीटर त्रिज्येच्या वर्तुळाच्या कंसासारखा सांगितला आहे. हे तिन्ही आकडे एकमेकांशी जुळतात की नाही, ते भूमितीने ताडून पाहा. त्यावरून ताशी २५ ने जाणाऱ्या वाहनाला या कंसावर सेकंदाला २.८ मीटर प्रतिसेकंद एवढे अभिकेंद्री त्वरण लागते. ते गुरुत्व त्वरणाच्या तिसऱ्या हिश्श्याहूनही कमी असल्याने वाहन सुखाने उतरते. वेग दुप्पट करा, त्वरण चौपट होते, ११ च्या वर जाते. गुरुत्व तेवढे देऊ शकत नाही. ताशी ४६ किलोमीटरच्या पुढे वाहन या कंसाला चिकटून राहूच शकत नाही, उडते. (वाहनाची लांबी आणि स्प्रिंगा यांमुळे प्रत्यक्षात थोडा फरक पडेल.) हळू जाणाऱ्याला जाणवू नये आणि भरधाव जाणाऱ्याला सोडू नये, असे हे यंत्र आहे, आणि त्याला तेलपाणी लागत नाही. वर पांढरे पट्टे आणि अलीकडे सूचनेची पाटी मात्र हवीच.

उसाच्या ट्रॉल्यांचा उल्लेख मघाशी केला. गळीत हंगाम आणि शाळेचे दुसरे सत्र यांची आपल्याकडे गाठ पडते. ट्रॅक्टर सावकाश चालतो म्हणून तो निरुपद्रवी, असे समजू नका. ट्रॉलीला बहुधा स्वतःचे ब्रेक नसतात. ब्रेकचे बल ट्रॅक्टरचे, आणि ओढायचे वस्तुमान त्याच्या चारपाच पट. एकट्या ट्रॅक्टरला ६ चे ऋण त्वरण मिळत असेल, तर एकूण वस्तुमान पाचपट झाल्यावर ढोबळमानाने १.२ च मिळेल. मग ताशी २५ ने जाणारा हा गाडा थांबेपर्यंत २७ मीटर जातात, म्हणजे ताशी ३० च्या मोटारीच्या जवळजवळ दुप्पट. तेव्हा दोन ट्रॉल्यांच्या मधून पळणाऱ्या आणि ऊस उपटणाऱ्या मंडळींनी हा आकडा वहीत लिहून ठेवावा. साखर कारखान्यांनीही शाळा भरण्या-सुटण्याच्या वेळी गावातून ट्रॉल्या सोडू नयेत, असे माझे मत आहे. त्यासाठी अर्ध्या तासाची ढिलाई पुरते.

मुलांना नेणाऱ्या वाहनांविषयी थोडक्यात. १८ नोव्हेंबर १९९७ रोजी दिल्लीत वजीराबाद येथे शाळेची बस यमुनेत कोसळून २८ मुले दगावली. त्यानंतर सर्वोच्च न्यायालयाने शाळेच्या बसवर वेगनियंत्रक बसवण्यासह अनेक बंधने घातली. महाराष्ट्रात २०११ मध्ये शालेय बससाठी स्वतंत्र नियम झाले. बस पिवळी असावी, तिला वेगनियंत्रक असावा आणि प्रत्येक शाळेत मुख्याध्यापकांच्या अध्यक्षतेखाली परिवहन समिती असावी, हे त्यांत आहे. तुमच्या शाळेत ही समिती आहे का आणि शेवटची कधी बसली, हे सरांना नम्रपणे विचारायला हरकत नाही. तीन आसनांच्या रिक्षात दप्तरांसह बारा मुले बसतात, तेव्हा गुरुत्वमध्य वर आणि बाहेर सरकतो आणि वळणावर रिक्षा कलंडते. पालक मात्र भाडे परवडले म्हणून समाधानी असतात.

आता तुमच्यापैकी काहींना न आवडणारी गोष्ट. नववी-दहावीतले कितीतरी विद्यार्थी मोटारसायकलवर शाळेत येतात, एकेका गाडीवर तिघेतिघे. कायद्याने मोटारसायकल चालवण्याचे वय अठरा आहे. सोळाव्या वर्षी परवानगी आहे ती ५० सी.सी.पर्यंतच्या इंजिनासाठी, आणि घरातली वडिलांची गाडी बहुधा त्याच्या दुप्पट किंवा तिप्पट असते. २०१९ च्या दुरुस्तीने आलेले कलम १९९-अ असे सांगते की, अल्पवयीनाने गुन्हा केल्यास पालक किंवा वाहनमालक दोषी धरला जाईल. त्यासाठी तीन वर्षांपर्यंत कैद व २५,००० रुपये दंड आहे. वाहनाची नोंदणी वर्षभरासाठी रद्द होते आणि त्या मुलाला वयाची पंचवीस वर्षे होईपर्यंत परवाना मिळत नाही. मे २०२४ मध्ये पुण्यात कल्याणीनगरला भरधाव मोटारीने दोन तरुण अभियंत्यांचा जीव घेतला. मोटार सतरा वर्षांचा मुलगा चालवत होता, असा आरोप आहे. तेव्हापासून या कलमाची चर्चा शहरात झाली, पण खेड्यात ती अजून पोचलेली दिसत नाही. ‘पोराला गाडी येते’ हे सांगताना बापाच्या चेहऱ्यावर अभिमान असतो. गाडी चालवता येणे आणि १४ मीटरांत थांबवता येणे, या निराळ्या विद्या आहेत. आणि हो, पाठीमागे बसणाऱ्यालाही हेल्मेट सक्तीचे आहे, चार वर्षांवरील मुलांनासुद्धा.

जगात ३० चा आकडा रुळत चालला आहे. ऑस्ट्रियातील ग्राट्स या शहराने १९९२ मध्ये मोठे रस्ते वगळून साऱ्या शहराला तो लावला. फेब्रुवारी २०२० च्या स्टॉकहोम जाहीरनाम्यात, जेथे पायी चालणारे व वाहने एकत्र येतात तेथे ताशी ३० ची मर्यादा असावी, असे म्हटले गेले, आणि त्याच वर्षी संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेने या जाहीरनाम्याला दुजोरा दिला. आपल्या गावाला स्टॉकहोमची वाट पाहण्याचे कारण नाही. मोजमाप मात्र हाती असावयास हवे.

ते तुम्ही करू शकता. शाळेच्या आवाराच्या आतून, गुरुजींच्या देखत, रस्त्यावर पाऊल न टाकता. रस्त्याकडेच्या दोन खुणा निवडा, विजेचे खांब किंवा झाडे. त्यांच्यातील अंतर रहदारी नसताना गुरुजींकडून मोजून घ्या आणि ५० मीटरांवर खूण पक्की करा. वाहन पहिल्या खुणेशी आले की घड्याळ सुरू करायचे, दुसऱ्या खुणेशी बंद. सहा सेकंद लागले तर वेग ताशी ३०, साडेचार लागले तर ४०, तीन लागले तर ६०. शाळा सुटण्याच्या वेळी आठवडाभर शंभर वाहने मोजा. प्रकार आणि वेळ लिहा, वाहनाचा क्रमांक लिहू नका, कारण आपल्याला कोणाला पकडायचे नाही. आलेख काढा. ३० च्या आतली किती, ३० ते ५० किती, त्यापुढची किती, हे एका पानावर मांडा आणि गुरुजींच्या सहीने ते पान २६ जानेवारी, १ मे किंवा १५ ऑगस्टच्या ग्रामसभेत ठेवा. शेजारी १४ मीटरांचा हिशेब जोडा. ‘वाहने फार जोरात जातात’ या तक्रारीला कोणीही मान डोलावतो आणि विसरतो. ‘शंभरांपैकी इतकी वाहने मूल दिसल्यावर थांबू शकली नसती’ या वाक्याला तसे विसरता येत नाही. ५० मीटर मात्र फितीने मोजलेले असावेत, पावलांनी नव्हे. सभेत पहिली शंका त्यावरच निघते.